मार खाणारी बाई ओरडत नाही

वसुधाताई,

काल डोंबिवलीत तुझी शोकसभा झाली. सात जण बोलले आणि सातही जणांनी तुला मऊ करून टाकलं. एक गृहस्थ म्हणाले, ताईंची लेखणी कधी कुणाला बोचली नाही. त्यांच्यानंतरच्या बाई म्हणाल्या, स्त्रीवादी असूनही त्या कधी कर्कश झाल्या नाहीत. मी तिसऱ्या रांगेत बसलेले. तुझ्या फोटोला मोगऱ्याचा हार होता, आणि फोटोतली तू आत्ताच कुणालातरी झापून आलेली आहेस हे मला स्पष्ट दिसत होतं. माझं नाव पुकारलं तेव्हा मी उठलेच नाही. तुझ्याबद्दल माझ्याकडे सांगायला जे आहे त्यात रक्त आहे, टाके आहेत, फेकलेल्या खुर्च्या आहेत. चहा-बिस्किटांच्या आधी पाच मिनिटांत ते कसं सांगायचं? म्हणून तुलाच सांगते. तुला सगळं माहीत आहे, तरीही. माझी बाजू तू कधी शेवटपर्यंत ऐकून घेतली नाहीस. आता घे.

आपली ओळखच मुळी एका किंकाळीवरून झाली. तू तेव्हा कॉलेजात मराठी शिकवायचीस आणि एका साप्ताहिकात सिनेमावर लिहायचीस. मी वागळे इस्टेटमधल्या एका स्टुडिओत डबिंग करायचे. दक्षिणेतले सिनेमे हिंदीत यायचे, त्यातल्या बायकांना आम्ही आवाज द्यायचो. नायिकेचे संवाद दुसरी मुलगी बोलायची. तिला गळा जपावा लागायचा, म्हणून तिच्या वाटच्या 'रिअॅक्शन' माझ्याकडे यायच्या. रिअॅक्शन म्हणजे शब्दांशिवायचं सगळं. धापा, हुंदके, कण्हणं, किंचाळणं. म्हणजे बाईला मार बसला की मी.

त्या सिनेमात नायक नायिकेला लग्नाच्या मांडवातून केसांना धरून ओढत आणतो आणि विहिरीच्या कठड्यावर आपटतो. तिच्या ओठातून रक्त येतं. पुढच्या गाण्यात ती त्याच्याच छातीवर डोकं ठेवते. मी ती किंकाळी काढत होते तेव्हा काचेपलीकडून डबिंग करवून घेणारा माणूस म्हणालेला, "मॅडम, दुखतंय, पण ऐकायला बरं वाटलं पाहिजे. थोडं गोड ठेवा ना." मी थोडं गोड ठेवलं. तीन टेकमध्ये झालं. डबा खाल्ला, घरी गेले.

तू त्या सीनवर अख्खा लेख लिहिलास. शेवटी लिहिलंस की ही किंकाळी जिने काढली त्या बाईला एकदा भेटायचंय, तिला स्वतःला ती कशी वाटली हे विचारायचंय. साप्ताहिकाच्या कचेरीतून मी तुझा नंबर मिळवला आणि फोन केला.

"मॅडम, ती मी."

"ती म्हणजे कोण?"

"किंचाळणारी."

तू हसली नाहीस. "शनिवारी दुपारी जेवायला या," म्हणालीस.

मला वाटलेलं तू मला फैलावर घेणार. तू मला पाणीदार आमटी वाढलीस. मग लॅपटॉपवर तो सीन लावलास, आवाज बंद करून.

"आता सांगा, कॅमेरा कुठे आहे?"

"विहिरीजवळ."

"कुणाच्या बाजूला?"

मी परत पाहिलं. कॅमेरा त्याच्या खांद्यामागे होता. ती खाली, आपण वर. त्याचा हात उठला की आपलाच उठल्यासारखा.

"म्हणजे मारतंय कोण?" तू विचारलंस.

"तो."

"आणि?"

मी लॅपटॉप जवळ ओढला.

"आणि तिकीट काढून आलेला प्रत्येक जण," तू म्हणालीस. "तिच्या बाजूने हा मार कसा दिसतो ते त्याला दाखवायचंच नाही. तिच्या जागेवर कॅमेरा ठेवला तर फक्त एक मूठ दिसेल, मोठी मोठी होत येणारी."

मला ती मूठ माहीत होती. तिच्या बोटातल्या अंगठीसकट.

मग तू म्हणालीस, "आता मला खरी किंकाळी ऐकवा. गोड न करता. अशा वेळी बाई खरंच जशी ओरडेल तशी." मी तुझ्या सतरंजीवर उभी राहिले, पोट आवळलं, तोंड उघडलं. काहीही आलं नाही. कितीतरी वेळ मी तशीच आ वासून उभी.

"नाही ओरडत," मी शेवटी म्हटलं.

"काय?"

"मार खाणारी बाई ओरडत नाही, मॅडम. खालच्या मजल्यावर ऐकू जाईल म्हणून. पोरगी उठेल म्हणून. ओरडलं की त्याला आणखी चेव येतो म्हणून. दात घट्ट आवळून घ्यायचे. मग नुसता नाकातून आवाज येतो. कुकरची शिटी व्हायच्या आधी येतो ना, तसा."

एप्रिल महिना होता आणि मी मनगटापर्यंत बाह्यांचा ड्रेस घालून आलेले. ते तुला तेव्हा दिसलं. तू आत गेलीस, उगाच भांडी सरकवलीस, बाहेर आलीस आणि म्हणालीस, "मला मॅडम म्हणू नकोस. ताई म्हण. आणि अगं म्हण."

त्यानंतर दिवाळीपर्यंत आपण दोघी सिनेमे बघत फिरलो. ठाण्यात, कल्याणात, दुपारचे खेळ, जेव्हा थिएटरात फक्त रिकामटेकडे आणि प्रेमी असतात. तुझ्याबरोबर सिनेमा बघणं म्हणजे शिक्षाच होती. तू पडद्याशी मोठ्याने बोलायचीस. नायक मुलीच्या मागे मागे फिरू लागला की म्हणायचीस, "पोलिसांत जा ना गं, इथे काय नाचतेस?" पुढच्या रांगेतले वळून बघायचे. मी लाजेने पदर तोंडावर घ्यायचे आणि पदराआड हसायचे. त्या वर्षात मी इतकी हसले, ताई. घरी जाताना तोंड पुन्हा सरळ करावं लागायचं.

कल्याणात आपण तो सूडाचा सिनेमा पाहिला, आठवतो? चौघं जण एका मुलीवर बलात्कार करतात आणि मग ती एकेकाला कोयत्याने कापते. शेवटच्याचा हात तिने मनगटापासून तोडला तेव्हा थिएटर शिट्ट्यांनी दणाणलं. मीही शिट्टी मारली. दोन बोटं तोंडात घालून, शाळेत मारायचे तशी. बाहेर आल्यावर तू माझ्याशी बोलेनास. उसाच्या रसाच्या गाडीपाशी थांबून तू एकदम फुटलीस.

"बलात्काराला वीस मिनिटं दिली. वीस! तिचे कपडे कसे कसे फाटले ते सगळं दाखवलं. त्यानंतर ती जगली कशी, झोपली कशी, याला किती दिली? एक गाणं. आणि तू शिट्टी मारतेस?"

"मला बरं वाटलं."

"बरं वाटायलाच बनवलंय ते. आपण बरं वाटून घरी जावं आणि घरी काहीच बदलू नये म्हणून."

"ताई, तुला कधी कुणी मारलं नाही म्हणून तू हे बोलू शकतेस. मला आज तो तुटलेला हात बघायचा होता. नुसता हात."

रसवाला दोन ग्लास हातात धरून उभा होता. तू त्यातला एक घेऊन माझ्या हातात दिलास. मग म्हणालीस, "नाही मारलं कुणी. खरं आहे. म्हणून तर तुझ्याकडून शिकतेय."

मला त्या वाक्याचा तेव्हा अभिमान वाटला. तू शिकून काय करणार आहेस हे मला कुठे माहीत होतं?

त्या वर्षीच्या एका दिवाळी अंकात तुझा मोठा लेख आला. पडद्यावरचा मार आणि घरातला मार असा काहीसा विषय. त्यात माझं वाक्य होतं. जसंच्या तसं, कुकरच्या शिटीसकट. नाव नव्हतं. पण ठाण्यातली एक मैत्रीण, जी सिनेमातल्या बायकांसाठी किंचाळते आणि घरी दात आवळते, एवढं होतं. मला तू विचारलं नव्हतंस. अंकही दाखवला नव्हतास. माझ्या नवऱ्याच्या ऑफिसातल्या कुणीतरी वाचला आणि त्याला म्हणाला, काय हो, वहिनी डबिंग करतात ना?

रविवारी सकाळी नऊ वाजता नवरा तो अंक घेऊन स्वयंपाकघरात आला. मी पोहे भिजवत होते. त्याने तो परिच्छेद वाचून दाखवला, सावकाश, चांगला वाचायचा तो.

"ही मैत्रीण कोण?"

"मला काय माहीत?"

"ठाण्यात किंचाळायचे पैसे घेणाऱ्या किती बाया आहेत?"

आधी त्याने अंकच गुंडाळून तोंडावर मारला. जाड होता अंक. मग केस धरले आणि कपाळ ओट्याच्या कडेवर आदळलं. एकदा. मग दुसऱ्यांदा. भुवई फुटली, डोळ्यात रक्त गेलं, पोह्यांवर रक्त सांडलं. "स्टुडिओत गळा काढतेस ना? काढ की. आम्हालाही ऐकू दे." माझे दात सवयीने आवळलेले. तिसऱ्यांदा त्याने डोकं मागे खेचलं तेव्हा मला दारात ऋता दिसली. अकरा वर्षांची माझी मुलगी. तिने दात घट्ट आवळले होते. आणि तिच्या नाकातून तो आवाज येत होता. माझा आवाज.

तेव्हा मी ओरडले.

माझ्याकडे दुसरी किंकाळी नव्हतीच. होती ती स्टुडिओतली. पोटातून उचललेली, टाळूवर घेतलेली, शेवटाला लांबवलेली. मी ती काढली. श्वास भरला आणि परत काढली. त्याचा हात आपोआप सुटला. तो मागे सरकला, इकडे तिकडे बघायला लागला, जणू ओरडणारी बाई दुसरीकडे कुठेतरी आहे. तेवढ्यात दारावर धपाधप हात पडले. खालच्या मजल्यावरच्या पाटकर काकू हातात उलथनं घेऊन सगळ्यात पुढे. मागे अख्खा जिना. काकू मला नंतर म्हणाल्या, "आधी टीव्हीच वाटला गं मला. दुसऱ्यांदा ओरडलीस तेव्हा मी गॅस बंद केला."

हे मी तुला किती वेळा सांगितलं, ताई. तू जिला खोटी म्हणायचीस त्या किंकाळीने मला वाचवलं. माझा खरा आवाज त्या घरात बारा वर्षं होता आणि एकही माणूस जिना चढून आला नाही. बाई संकटात आहे हे लोकांना सिनेमाने जसं शिकवलंय तसंच कळतं. त्यावर तू हात उडवून म्हणायचीस, "अगं, हाच तर माझा मुद्दा आहे!" आणि मी म्हणायचे, "नाही. हा माझा मुद्दा आहे. तू आधीच एक घेतलास, हा तरी माझ्याकडे राहू दे."

दवाखान्यात सात टाके घातले. पोलिसांत तक्रार लिहून दिली. पाटकर काकू म्हणत होत्या, आमच्याकडे चल, झोप जरा. मी ऋताला घेऊन तडक डोंबिवलीला आले. तुझ्याकडे आसऱ्याला आले असं सगळ्यांना वाटतं. तुझ्या भावालाही तसंच वाटतं. मी आसऱ्याला आले नव्हते. दोन जिने चढताना माझ्या पायांत जो जोर होता तो त्या एकाच कामासाठी होता. तू दार उघडलंस. माझ्या डोक्याला बांधलेली पट्टी बघून तू "अगं" म्हणालीस आणि मी तुझ्या कानाखाली मारली. उलट्या हाताने नव्हे, सरळ, सगळ्या ताकदीने. तुझा चष्मा उडून चपलांच्या स्टँडवर पडला. तोल जाऊन तू चौकट धरलीस. गालावर माझी चार बोटं हळूहळू उमटताना मी बघत होते. आयुष्यात मी कुणाला मारलं नव्हतं. ज्याला मारायचं त्याला मारलं नाही, तुला मारलं.

तू चष्मा उचलला नाहीस. गालाला हात लावला नाहीस. म्हणालीस, "आणखी एक मारायची असेल तर मार. पण मग आत ये. मुलगी जिन्यात उभी आहे."

मी दुसरी मारली नाही. आत आले. आणि सात महिने राहिले.

त्या सात महिन्यांबद्दल काल कुणी बोललं नाही, कारण तू कुणाला सांगितलंच नव्हतंस. तुझी खोली तू आम्हा मायलेकींना दिलीस आणि स्वतः पुस्तकांच्या गठ्ठ्यांमध्ये गादी टाकून झोपलीस. मागून हाक मारलेली मला चालत नाही हे तुला दुसऱ्याच दिवशी कळलं. नंतर तू घरात चालतानाही गुणगुणत यायचीस, बेसूर, म्हणजे मला कळावं तू कुठे आहेस. ऋताला तू कार्टूनवर निबंध लिहायला लावायचीस. उंदीर मांजराला मारतो तेव्हा तुला हसू का येतं, लिही. ती वैतागायची आणि लिहायची. तिच्या दातांवरची पकड कधी सैल झाली ते मला कळलं नाही. एक दिवस ती तुझ्याशी मोठमोठ्याने भांडत होती, अगदी जिन्यात ऐकू जाईल इतक्या मोठ्याने, आणि मी न्हाणीघरात नळ सोडून रडले.

पण त्या लेखाबद्दल तू सॉरी म्हणाली नाहीस. मी वाट बघत होते. एका संध्याकाळी मी मेथी निवडत होते आणि तू स्वतःहूनच विषय काढलास.

"मी लिहिलं नसतं तर तू आजही त्याच ओट्यापाशी उभी असतीस."

"असते नाहीतर नसते. ते ठरवणारी तू कोण?"

"कुणीतरी लिहायलाच हवं होतं."

"माझं होतं ते. मी लिहिलं असतं."

"तू लिहिणार नव्हतीस."

"मग राहिलं असतं न लिहिलेलं! तुला वाक्य मिळालं, ताई. मला सात टाके मिळाले."

तू उठून पुस्तकांच्या खोलीत गेलीस आणि दार लावून घेतलंस. तेव्हा मला वाटलं तू रागावलीस. नंतर कळलं, रडताना कुणी बघितलेलं तुला आवडायचं नाही.

ठाण्याच्या कोर्टात केस उभी राहिली. त्याच्या वकिलाने तुझाच लेख पुढे केला. म्हणाला, या बाईंचा व्यवसायच खोटं किंचाळण्याचा आहे, त्या दिवशीची किंकाळी खरी कशावरून? मग मला विचारलं, "ती किंकाळी खरी होती की अभिनय?" मी म्हटलं, "दोन्ही." कोर्टात कुणीतरी हसलं. तू मागच्या बाकावर होतीस. प्रत्येक तारखेला असायचीस. पाटकर काकूंनी सगळं जसं घडलं तसं सांगितलं, आणि शेवटी त्या लग्नातून सुटले मी. बाहेर आल्यावर तू म्हणालीस, "दोन्ही हे उत्तर मला सुचलं नसतं." मी म्हटलं, "हेही लिहिणार का?" तू म्हणालीस, "विचारून." एवढंच. पण तो शब्द तू म्हणालीस, आणि नंतर खरंच प्रत्येक वेळी विचारत गेलीस.

मग कल्याण. मोठ्या नटाचा एक सिनेमा तुफान चाललेला, ज्यात मुलगी नाही म्हणत राहते आणि तो तिला उचलून नेत राहतो. तू त्यावर लिहिलंस. तुझ्या फोनवर घाणेरडे निरोप यायला लागले; तुझ्या वयाच्या बाईला काय काय करू, हे अठरा-वीस वर्षांची पोरं लिहीत होती. तू ते शुद्धलेखन तपासल्यासारखे वाचायचीस. कल्याणात एका शाळेच्या हॉलमध्ये त्याच सिनेमावर चर्चा ठेवलेली. मी तुझ्याबरोबर होते. तू दहा मिनिटं बोलली असशील, तेवढ्यात त्या नटाचे पंधरा-वीस चाहते घुसले. त्यांच्यातला पुढचा ओरडला, "ए म्हातारे, भाईबद्दल काय बोलतेस?"

तू विचारलंस, "सिनेमा पाहिलास का रे?"

"तीनदा!"

"मग सांग, ती त्याला पहिल्यांदा नाही म्हणते तेव्हा कुठलं वाक्य बोलते?"

तो थांबला. खरंच आठवायला लागला. मागे वळून मित्रांकडे बघितलं. कुणालाच आठवेना.

"तीनदा पाहिलास," तू म्हणालीस, "आणि ती काय बोलली ते ऐकलंच नाहीस."

हॉलमध्ये एक बाई खुदकन हसली. त्या हसण्यावर पहिली खुर्ची आली. लोखंडी, घडीची. ती टेबलावर आपटली, दुसरी तुझ्या खांद्यावर. तू पडलीस. कुणीतरी तुझ्या तोंडावर लाथ मारली. मी तुझ्यापर्यंत पोहोचायला माणसं ओरबाडत होते, एकाच्या हाताला मी कडकडून चावले, त्याच्या रक्ताची चव आली तोंडात. तू खाली पडून वर बघत होतीस. तोंड उघडं, डोळे उघडे. पाच मिनिटांत ते निघून गेले. तुझा पुढचा दात तुटला होता आणि मनगट मोडलं होतं.

प्लास्टर घालून आपण रिक्षाने डोंबिवलीला निघालो. पत्रीपूल मागे पडला. मग तुटलेल्या दातामुळे शब्द फिसकारत म्हणालीस, "शुभा, मी ओरडले का गं?"

"नाही ताई."

"मला वाटलं मी ओरडतेय. खूप जोरात ओरडतेय. पण आवाजच नव्हता." तू प्लास्टरकडे पाहिलंस. "तू सांगितलं होतंस मला. मी छापलं सुद्धा. पण तेव्हा ते नुसतं वाक्य होतं."

मी तुझा चांगला हात धरला. तुझी माफी याहून जवळ कधी आली नाही. रिक्षावाल्याने आरशातून आपल्याकडे पाहिलं आणि रेडिओ बंद केला, तो का, मला आजवर कळलेलं नाही.

दात तू बसवून घेतला नाहीस. फोटोतही ती फट दिसते. काल कुणी तिच्याबद्दल बोललं नाही.

कॅन्सर हाडांपर्यंत गेलाय हे कळलं तेव्हा उशीर झालेला. ठाण्याच्या दवाखान्यात कूस बदलताना तू ओठ मिटून घ्यायचीस. शेजारच्या खाटेवरची पोर झोपलीये, म्हणायचीस. एका दुपारी सिस्टर आणि मी तुला वळवत होतो. तुझ्या कपाळावर घाम डवरलेला. मी तुझ्या कानाशी म्हटलं, "ताई, ओरड. ती पोर उठली तर मी थोपटेन तिला." तू ओरडलीस. फाटका, घोगरा, मधेच तुटणारा आवाज. कुठल्याही टेकमध्ये कुणी ठेवला नसता असा. पोर उठली. मी थोपटलं. तू दमून हसलीस आणि म्हणालीस, "बरं वाटलं."

दुसऱ्या दिवशी तू जरा हुशारीत होतीस. मी ठरवून आलेले. मोसंबीचा रस चमच्याने देता देता म्हटलं, "ताई, त्या दिवशी दारात मी तुला मारलं. त्याबद्दल मला—"

"थांब." तू चमचा दूर केलास. "ती चपराक मागे घ्यायची नाही."

"का?"

"तू चपराक मागे घेतलीस तर मला लेख मागे घ्यावा लागेल. आणि तो मी घेणार नाही. चांगला झालाय."

मी हसले की रडले, सांगता येत नाही. सिस्टर धावत आली, तिला वाटलं तुला काही झालं. तू गंभीर तोंड करून उरलेला रस मागितलास.

त्यानंतर दोन दिवसांनी तू गेलीस. तुझ्या भावाच्या आधी मी पोहोचले. तुझ्या चेहऱ्यावरची चादर सारली आणि डाव्या गालावर हात ठेवला, जिथे तेव्हा मारलं होतं तिथे. गाल थंड होता. माफी मागायला ती वेळ बरी होती, अडवायला तू नव्हतीस. ओठापर्यंत आलेले शब्द मी तसेच गिळले.

चपराक मी मागे घेतलेली नाही, ताई. लेखही तसाच राहू दे.